चिमुकली फाईल आणि दुकानाची अब्रू

दुकानात गिऱ्हाईक बसलेले असते. रिक्षावरून फिरवायच्या जाहिरातीचे रेकॉर्डिंग झालेले असते, पाठीमागे संगीतही बसवून झालेले असते. आता फक्त त्याची एमपी३ फाईल काढून पेनड्राइव्हवर द्यायची बाकी असते. तेवढ्यात संगणकाच्या पडद्यावर एक चौकट उघडते. अमुक नावाची डीएलएल फाईल सापडत नाही, सबब पुढचे काम होऊ शकत नाही, असे तीत इंग्रजीत लिहिलेले असते. गिऱ्हाईक घड्याळाकडे पाहते. दुकानदार घाईघाईने त्या फाईलचे नाव इंटरनेटवर टाकतो, पहिल्याच दिसेल त्या ठिकाणाहून ती उतरवून घेतो, कोणीतरी सांगितलेल्या फोल्डरमध्ये टाकतो आणि काम चालू होते. गिऱ्हाईक पैसे देऊन जाते. दुकानदार सुटकेचा श्वास टाकतो.

तो खरोखर सुटला की अडकला, हे त्या दिवशी कळत नाही. ते कळायला कधी आठवडा लागतो, कधी वर्ष.

जाहिरातीचे रेकॉर्डिंग करणारे, मंडप-लाऊडस्पीकरचा धंदा करणारे, लग्नाच्या चित्रीकरणाला आवाज जोडून देणारे, जुन्या कॅसेटवरच्या कव्वाल्या आणि मुशायरे संगणकावर उतरवून देणारे असे पुष्कळ बंधू आपल्या वाचकांत आहेत. संगणक दुरुस्तीवर रोजी कमावणारी तरुण मुलेही आहेत. या सर्वांच्या पोटाशी संबंध असलेला हा विषय आहे, म्हणून तो या पानावर घेतला आहे. सांगायचे ते थोडक्यात असे: जी फाईल कोणी बनवली, ती आपल्याकडे कोठून आली आणि ती वापरण्याची अट काय, ही तीन उत्तरे आपल्याला देता येत नाहीत, ती फाईल धंद्याच्या संगणकावर ठेवू नये. मग ती कितीही लहान असो आणि तिच्यावाचून काम कितीही अडलेले असो.

काज-बटणवाल्याचा हिशेब

ही डीएलएल म्हणजे काय, ते शिवणकाम करणाऱ्या बंधूंना चटकन समजेल. एका गल्लीत दहा टेलर असले तरी प्रत्येकाकडे काज करण्याचे यंत्र नसते. ते महाग असते आणि एकट्या टेलरकडे त्याला दिवसभर काम पुरत नाही. म्हणून गल्लीच्या टोकाला एक काज-बटणवाला बसतो आणि दहाही टेलर आपले सदरे त्याच्याकडे पाठवतात. कापणी टेलरची, शिलाई टेलरची, दुकानावरचे नाव टेलरचे; काज मात्र दुसऱ्याच्या हातचे.

संगणकावर आवाजाचे काम करणाऱ्या सॉफ्टवेअरचेही तसेच आहे. माइकमधून आवाज घेणे, तो कापणे, जोडणे, त्याला घुमारा देणे, निरनिराळ्या प्रकारच्या फायली वाचणे आणि लिहिणे, अशी कितीतरी कामे त्याला करावी लागतात. प्रत्येक सॉफ्टवेअर बनवणाऱ्याने यातले प्रत्येक काम मुळापासून लिहायचे म्हटले तर आयुष्य पुरायचे नाही. म्हणून एका कामाची आज्ञावली एका स्वतंत्र फाईलमध्ये बांधून ठेवतात आणि ज्या सॉफ्टवेअरला गरज पडेल त्याने ती ऐनवेळी बोलावून घ्यायची, अशी सोय केलेली असते. अशा फाईलच्या नावाच्या शेवटी विंडोजमध्ये डीएलएल ही अक्षरे असतात, लिनक्समध्ये एसओ आणि मॅकवर डायलिब. आपण तिला सामाईक फाईल म्हणू. तिच्यावर नुसते दोनदा टिचकी मारून काही होत नाही. काज-बटणवाला आपण होऊन सदरा शिवत नाही, तशीच ही फाईलही कोणी बोलावल्याखेरीज काम करत नाही.

ही पद्धत आली काटकसरीतून. १९९० च्या सुमारास घरगुती संगणकात चार-आठ मेगाबाइट स्मृती असली तरी पुष्कळ वाटे. एकच फाईल चार सॉफ्टवेअरनी वाटून घेतली म्हणजे जागा वाचत असे. पण काज-बटणवाल्याने एके दिवशी सुई बदलली तर दहाही टेलरांच्या सदऱ्यांवर त्याचा परिणाम होणार! तसेच येथे झाले. नवे सॉफ्टवेअर बसवताना ते आपल्या सोयीची सामाईक फाईल जुन्या फाईलवर चढवी आणि कालपर्यंत नीट चाललेले दुसरेच सॉफ्टवेअर बंद पडे. त्या काळी इंग्रजीत या प्रकाराला डीएलएलचा नरक असेच नाव पडले होते. मायक्रोसॉफ्टने विंडोज २००० मध्ये आपल्या स्वतःच्या मुख्य फायलींना संरक्षण दिले आणि पुढे एकाच फाईलच्या दोन आवृत्त्या शेजारी शेजारी नांदू शकतील अशी व्यवस्था केली. आता डिस्क स्वस्त झाल्यामुळे बहुतेक सॉफ्टवेअर आपल्याला लागणाऱ्या सामाईक फायली आपल्याच फोल्डरमध्ये घेऊन येतात. तरीही एखादी फाईल राहून जाते आणि मग ती चौकट पडद्यावर येते.

लेमची गोष्ट

आवाजाच्या धंद्यात सर्वांत जास्त हिंडलेली सामाईक फाईल कोणती म्हणाल, तर लेम_एन्क.डीएलएल. तिची हकीकत ऐकण्यासारखी आहे, कारण फुकट मिळणाऱ्या वस्तूमागे किती जणांचे काय काय गुंतलेले असते ते तिच्यावरून कळते.

ऑडिओ सीडीवरचा आवाज एका मिनिटाला सुमारे साडेदहा मेगाबाइट जागा खातो. तोच आवाज एमपी३ मध्ये १२८ किलोबिटच्या दराने दाबला की मिनिटाला जेमतेम एक मेगाबाइट लागते. ही किमया करणारी पद्धत जर्मनीतील एर्लांगेन येथील फ्राउनहोफर संस्थेतील संशोधकांनी इतरांच्या सहकार्याने घडवली. कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग हे त्यांतले प्रमुख नाव. १९९३ मध्ये ती आंतरराष्ट्रीय प्रमाण म्हणून प्रसिद्ध झाली. मात्र तिच्यावर पेटंट होती. एमपी३ बनवणारे सॉफ्टवेअर काढायचे तर परवाना घ्या आणि पैसे भरा, अशी ही बाब होती. १९९८ मध्ये फ्राउनहोफरने फुकट एमपी३ सॉफ्टवेअर बनवणाऱ्यांना तशी पत्रे पाठवली आणि त्यांपैकी काहींनी आपले काम बंद केले.

त्याच वर्षी माइक चेंग या प्रोग्रॅमरने लेमचे काम सुरू केले. पुढे मार्क टेलर आणि इतर स्वयंसेवक त्यात आले. सुरुवातीला त्यांनी प्रमाण ठरवणाऱ्या संस्थेची नमुना आज्ञावली घेऊन तीत सुधारणा केल्या, आणि मे २००० पर्यंत त्या जुन्या आज्ञावलीचा उरलासुरला भागही काढून टाकून सर्व काही स्वतःचे केले. पेटंटचा प्रश्न असल्यामुळे त्यांनी तयार सॉफ्टवेअर कधी वाटले नाही. ते फक्त मूळ आज्ञावली, म्हणजे पाककृती, प्रसिद्ध करत. तिच्यापासून चालणारी डीएलएल बनवण्याचे काम ज्याचे त्याने करावे.

इकडे अमेरिकेत पिट्सबर्गच्या कार्नेगी मेलन विद्यापीठात १९९९ मध्ये डॉमिनिक माझोनी आणि रॉजर डॅनेनबर्ग यांनी ऑडेसिटी हे आवाजाचे सॉफ्टवेअर करायला घेतले आणि २००० मध्ये ते लोकांना मोफत दिले. आज जगभर लहान रेकॉर्डिंगवाले ते वापरतात. पण पेटंटच्या भीतीने ऑडेसिटीवाल्यांना लेम आपल्यासोबत देता येईना. तेव्हा त्यांनी मार्ग काढला: सॉफ्टवेअर आमच्याकडून घ्या, लेमची डीएलएल दुसरीकडून आणा आणि ती कोठे ठेवली आहे तेवढे आम्हाला दाखवा. ती कोठून आणावी हे त्यांच्या माहितीपुस्तिकेत लिहिलेले असे. पण माहितीपुस्तिका वाचतो कोण? ज्याने त्याने जेथून मिळेल तेथून ती फाईल घेतली. एकाच्या पेनड्राइव्हवरून दुसऱ्याच्या, दुसऱ्याच्या सीडीवरून तिसऱ्याच्या, अशी ती हिंडत राहिली.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे. लेमचे कर्ते तयार फाईल देतच नव्हते. म्हणजे आपल्या पेनड्राइव्हवर जी लेम_एन्क.डीएलएल होती, ती कोणा तिसऱ्याच माणसाने घडवलेली होती. पाककृती प्रसिद्ध, पण पदार्थ कोणी रांधला आणि त्यात आणखी काय घातले, हे खाणाऱ्याला ठाऊक नाही! पुष्कळांचे निभावले, कारण पुष्कळ रांधणारे भले होते. दुसऱ्याच्या भलेपणावर वर्षानुवर्षे धंदा चालवायचा आणि त्याचे नावही विचारायचे नाही, हे मात्र व्यापाऱ्याला शोभत नाही.

पुढे पेटंटची मुदत सरली. एमपी३ चा परवाना देण्याचा कार्यक्रम एप्रिल २०१७ मध्ये बंद झाला. २०१९ मध्ये आलेल्या ऑडेसिटीच्या २.३.२ या आवृत्तीपासून विंडोज आणि मॅकसाठी लेम सोबतच मिळू लागले. म्हणजे एमपी३ काढण्यासाठी ती फाईल बाहेरून शोधण्याचे कारणच उरले नाही. तरीही कित्येक दुकानांतून अजून ती जुनी फाईल एका पेनड्राइव्हवरून दुसऱ्यावर फिरताना दिसते. पूर्वी गरज होती म्हणून लागलेली सवय गरज संपली तरी सुटत नाही.

मोफत म्हणजे बेवारस नव्हे

आपल्याकडे एक गैरसमज आहे. ज्या वस्तूला पैसे पडत नाहीत, तिला मालकही नसतो असे आपण धरून चालतो. लेमला पैसे पडत नाहीत, पण ते बेवारस नाही. ते एलजीपीएल नावाच्या परवान्याखाली दिलेले आहे. या परवान्याचा गाभा सोप्या शब्दांत असा: आमची सामाईक फाईल कोणीही वापरा, पैसे घेऊन विकायच्या सॉफ्टवेअरलाही जोडा, पण आमचे नाव आणि परवाना लपवू नका, आमच्या भागाची मूळ आज्ञावली मागणाऱ्याला मिळाली पाहिजे, आणि वापरणाऱ्याला आमची फाईल काढून तिच्या जागी सुधारलेली बसवता आली पाहिजे. ही शेवटची अट पाळण्याचा सोपा मार्ग म्हणजे ती फाईल वेगळी ठेवणे. डीएलएल वेगळी का असते, याचे एक उत्तर असे परवान्यातही आहे.

ही अट मोठ्यांनाही लागू असते. २००५ मध्ये सोनी बीएमजी या बड्या संगीत कंपनीने आपल्या सीडींची नक्कल होऊ नये म्हणून त्यांत एक सॉफ्टवेअर घातले होते. ते गिऱ्हाइकाच्या संगणकात लपून बसत असे. त्यावरून गदारोळ उठला आणि कंपनीला लाखो सीडी परत मागवाव्या लागल्या. त्याच सॉफ्टवेअरमध्ये लेमच्या आज्ञावलीच्या खुणा असल्याचे संगणकतज्ज्ञांनी त्याच वर्षी दाखवून दिले. दुसऱ्याने आपली नक्कल करू नये म्हणून लावलेल्या कुलपातच दुसऱ्याच्या कष्टाचा तुकडा, तोही नाव न सांगता! चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या याच.

आपण कोठे मोठी कंपनी आहोत, असे कोणी म्हणेल. पण तत्त्व लहानमोठ्याला सारखेच. शेजाऱ्याने विश्वासाने दिलेला रंधा ही अमानत असते. ज्याने रंधा दिला त्याने भाडे मागितले नाही म्हणून तो आपला होत नाही. त्याने घातलेली अट पाळणे हेच त्याचे भाडे.

आवळा देऊन कोहळा

आता दुसरी बाजू. नावानिशी डीएलएल देणारी कितीतरी ठिकाणे इंटरनेटवर आहेत. फाईलचे नाव टाकले की तीच आधी पुढे येतात. या ठिकाणांचा फाईल बनवणाऱ्याशी काही संबंध नसतो. तेथे खऱ्या दुव्याच्या आजूबाजूला डाउनलोड लिहिलेली जाहिरातींची मोठमोठी बटणे असतात आणि घाईत असलेला माणूस नेमके त्यांच्यावरच बोट ठेवतो. मिळालेली फाईल जुनी असू शकते, भलत्याच आवृत्तीची असू शकते, किंवा तिच्या पोटात दुसरेच काही असू शकते.

दुसरेच काही असणे का सोपे, तेही समजून घेऊ. सॉफ्टवेअर सामाईक फाईलला हाक मारते ती बहुधा नुसत्या नावाने. विंडोज ती फाईल सर्वसाधारणपणे आधी त्या सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधते आणि मग इतरत्र. नाव जुळले की फाईल आत घेतली जाते आणि सॉफ्टवेअरला जे जे करण्याची मुभा आहे ते ते सर्व तिलाही करता येते. दारावरचा राखणदार फक्त नाव विचारतो, चेहरा पाहत नाही, असा हा प्रकार. या वाटेने घुसखोरी होऊ शकते, असा जाहीर इशारा मायक्रोसॉफ्टने ऑगस्ट २०१० मध्ये दिला होता. त्यानंतर पुष्कळ सुधारणा झाल्या. पण मालक स्वतःच्या हाताने परकी फाईल आणून आत ठेवत असेल तर राखणदार तरी काय करणार?

आवाजाच्या कामात हा धोका विशेष आहे, कारण येथे जोडभागांची चाल आहे. जर्मनीतील स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ मध्ये व्हीएसटी नावाची पद्धत काढली. घुमारा, आवाजाची सफाई, वाद्यांचे आवाज अशा एकेका कामाचा जोडभाग वेगळा घ्यायचा आणि आपल्या सॉफ्टवेअरमध्ये बसवायचा. विंडोजवर जुन्या पद्धतीचा व्हीएसटी जोडभाग म्हणजे एक डीएलएलच. पैसे देऊन घ्यायच्या अशा जोडभागांच्या चोरट्या प्रती सर्रास फिरतात. कुलूप तोडण्याची रीतही बहुधा अशी की मूळ डीएलएल काढायची आणि कुलूप मोडलेली तिच्या जागी ठेवायची. जो दुसऱ्याचे कुलूप मोडून माल फुकट वाटतो, तो आपल्या घराचे कुलूप सांभाळील, असे आपण कोणत्या हिशेबाने मानतो?

माझ्या परिचयातील एका रेकॉर्डिंगवाल्याची गोष्ट सांगतो. त्याच्याकडे एक वयस्क गृहस्थ एक जुनी कॅसेट घेऊन आले. तीत त्यांच्या मरहूम वडिलांचा आवाज होता. घरातल्या एका लग्नाच्या वेळी कोणी सहज टेप चालू ठेवला होता, तेवढाच. फीत जीर्ण झालेली. याने ती सांभाळून एकदा वाजवली, आवाज संगणकावर उतरला आणि शेवटच्या टोकाला फीत यंत्रात गुंतून चुरगळली. आवाज हाती आला होता, म्हणून कोणाला वाईट वाटले नाही. आवाजात खरखर फार होती. ती काढण्यासाठी याने एक महागडा जोडभाग चोरट्या ठिकाणाहून फुकट उतरवला. अँटिव्हायरसने हरकत घेतली, तर तेथेच लिहिलेल्या सल्ल्याप्रमाणे अँटिव्हायरस बंद केला. दुसऱ्या दिवशी दुकान उघडून पाहतो तो सगळ्या फायलींच्या नावांना भलतेच शेपूट लागलेले. एकही उघडेना. प्रत्येक फोल्डरमध्ये खंडणीची चिठ्ठी. दुसरी प्रत कोठेही नव्हती.

त्याने त्या गृहस्थांचे पैसे परत केले. ते काही बोलले नाहीत, चुरगळलेली कॅसेट घेऊन निघून गेले. तो म्हणतो, त्यांनी चार शब्द सुनावले असते तर बरे झाले असते.

ही एकट्याची गोष्ट नाही. स्टॉप किंवा डिजेव्हू या नावाने ओळखले जाणारे खंडणीचे सॉफ्टवेअर २०१८ पासून जगभर पसरले ते मुख्यत्वे अशाच कुलूप मोडलेल्या सॉफ्टवेअरच्या वाटेने. त्याचे बळी बड्या कंपन्यांपेक्षा घरचे संगणक आणि लहान दुकाने हेच अधिक.

कायद्याचीही आठवण ठेवावी. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९९४ च्या दुरुस्तीने कलम ६३ ब घालण्यात आले. सॉफ्टवेअरची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्याला किमान सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड अशी तरतूद त्यात करण्यात आली. जेथे वापर नफ्यासाठी किंवा व्यापारधंद्यासाठी नाही, तेथे सवलत देण्याची मुभा न्यायालयाला ठेवली. म्हणजे घरात गंमत म्हणून वापरणाऱ्याला थोडी मोकळीक मिळू शकते. दुकानदाराला ती वाट नाही.

जी कारणे आपण देतो

पहिले कारण पैशाचे. लहान दुकानदार परदेशी सॉफ्टवेअरची किंमत कोठून आणणार? कारण खरे आहे, पण त्यावरून निघणारा निष्कर्ष चुकीचा आहे. बोलण्याचे रेकॉर्डिंग, काटछाट, खरखर कमी करणे, एमपी३ काढणे ही दुकानातली नित्याची कामे ऑडेसिटीसारख्या मोफत आणि कायदेशीर सॉफ्टवेअरवर होतात. ज्याला खरोखर महागडा जोडभाग लागतो, त्याने तो यंत्रासारखा हिशेबात धरावा. शिलाई यंत्र आपण पैसे देऊन घेतो, ते काही बाजारातून उचलून आणत नाही.

दुसरे कारण असे की, हे पाहणे संगणकवाल्याचे काम, आमचे नव्हे. कापडवाल्याला हात लावताच सुती आणि मिश्र कापडातला फरक कळतो. गाळ्यात आलेला माल कोणत्या गिरणीचा, तो विचारून घेतो. संगणकाच्या बाबतीत मात्र तोच माणूस डोळे मिटून बसतो. आंधळे दळते आणि कुत्रे पीठ खाते, अशी मग गत होते. फाईल कशी लिहितात ते आपल्याला कळण्याची गरज नाही. ती कोठून आली, एवढे विचारता आले पाहिजे.

तिसरे कारण: दहा वर्षे हेच करतो आहे, काही झाले नाही. यावर इतकेच म्हणता येईल की वर सांगितलेला रेकॉर्डिंगवालाही आदल्या दिवसापर्यंत हेच म्हणत होता.

काय करावे

उपदेश पुष्कळ झाला. आता कामाच्या गोष्टी.

एक. फाईल सापडत नाही अशी चौकट आली तर ती फाईल एकटी शोधू नका. ती कोणाच्या संचातली आहे ते पाहा आणि संच बनवणाऱ्याकडून पूर्ण संच घ्या. एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० अशी नावे दिसली तर ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल या संचातली आहेत. हा संच मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावर मोफत मिळतो. एखाद्या सॉफ्टवेअरची स्वतःचीच फाईल हरवली असेल तर ते सॉफ्टवेअर काढून मूळ ठिकाणाहून पुन्हा बसवा.

दोन. ऑडेसिटीची जुनी आवृत्ती असेल तर नवी घ्या आणि पेनड्राइव्हवरची जुनी लेमची फाईल पुसून टाका. मोबाइलवर केलेली एम४ए रेकॉर्डिंग विंडोजवरच्या ऑडेसिटीत उघडण्यासाठी एफएफएमपेग नावाचा वेगळा संच लागतो. तो कोठून घ्यायचा, ते ऑडेसिटीच्या माहितीपुस्तिकेत दिलेले असते. तेथूनच घ्या.

तीन. ३२ बिट आणि ६४ बिट हा भेद पाहा. इंची पाना मिलीमीटरच्या नटाला नीट बसत नाही, तशी ६४ बिटच्या सॉफ्टवेअरला ३२ बिटची डीएलएल थेट चालत नाही. फाईल जागेवर असूनही सापडत नाही किंवा चालत नाही असे दिसते, त्याचे कारण पुष्कळदा हेच असते. यात आणखी एक घोळ आहे. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या फायली सिसवाव६४ नावाच्या फोल्डरात. नावावर जाऊन फसू नका. खरे तर या दोन्ही फोल्डरांत स्वतःच्या हाताने काही टाकूच नये.

चार. फाईलवर उजवी टिचकी मारून प्रॉपर्टीज उघडा. डिजिटल सिग्नेचर्स हे पान असेल तर त्यात सही कोणाची आहे ते दिसते. स्वयंसेवकांनी बनवलेल्या पुष्कळ फायलींवर सही नसते, म्हणून सही नाही म्हणजे माल खोटा असे समजू नये. अशा वेळी बनवणाऱ्याने प्रसिद्ध केलेला ठशाचा आकडा आणि आपल्या फाईलचा ठसा जुळतो का, हे संगणकाच्या जाणकाराकडून तपासून घ्यावे. विंडोजमध्ये त्यासाठी सर्टयुटिल ही आज्ञा आहे. आणि अँटिव्हायरस बंद करा असे जेथे लिहिले असेल, तेथून उलट पावली परत फिरा.

पाच. गिऱ्हाइकाच्या कामाची दुसरी प्रत वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा आणि काम झाले की ती डिस्क संगणकापासून सोडवून कपाटात ठेवा. जोडलेली डिस्क खंडणीवाल्याच्या तावडीत सापडते, कपाटातली सापडत नाही. बैल गेल्यावर झोपा करून उपयोग नाही.

सहा. उधारीची वही आपण ठेवतो, तशी सॉफ्टवेअरची एक वही ठेवा. नाव, आवृत्ती, कोठून घेतले, कोणत्या तारखेला, परवाना कोणता, एवढे पाच रकाने पुरेत. ज्या नावापुढे एखादा रकाना भरता येत नाही, ते सॉफ्टवेअर काढून टाका.

शेवटची विनंती संगणक दुरुस्त करणाऱ्या तरुणांना आहे. दुकानदार तुमच्या भरवशावर असतो. तुमच्या पेनड्राइव्हवर पन्नास डीएलएल भरलेल्या असतात आणि अडले की त्यांतली एक तुम्ही टाकून देता. काम होते, पैसेही मिळतात. पण तुम्ही नक्की काय बसवले, ते बिलावर लिहून द्यायला तुमची तयारी आहे का? जे बिलावर लिहिता येत नाही, ते संगणकावर बसवू नका. उस्तादाच्या हाताखाली शिकलेला मेस्त्री कोणता भाग बदलला ते मालकाला दाखवतो, जुना भागही त्याच्या हातात देतो. तीच रीत तुम्ही या नव्या धंद्यात आणा. जो पहिला आणील, त्याच्याकडे गिऱ्हाईक आपोआप वळेल. आणि दुकानदारांनीही असे बिल मागण्याची सवय लावून घ्यावी. त्यासाठी चार पैसे जास्त पडले तर कुरकुर करू नये.

गिऱ्हाईक आपल्याकडे आपला आवाज ठेवून जाते. कोणाच्या दुकानाची जाहिरात, कोणाच्या घरचे लग्न, कोणाच्या वाडवडिलांचे चार शब्द. आपल्या संगणकात कोणती फाईल कोठून आली, हे त्याला ठाऊक नसते आणि त्याने ते विचारणेही शक्य नसते. म्हणून ते विचारण्याची जबाबदारी आपली आहे. आज संध्याकाळी दुकान बंद करण्यापूर्वी ती वही घाला आणि पहिले पान भरा.